उलायुकच्या बाबांचा आवाज

मित्रांनो, अंगात सीलच्या कातडीचा कोट घातलेला कॅमेरा तुम्ही कधी पाहिलाय? नाही ना? मग नीट बघून घ्या, कारण तो मीच! कोटाचे केस आता झडलेत, एक बंद तुटलाय, माझ्या काचेवर बारीकसा ओरखडाही आहे. पण म्हणून मला भंगारात काढू नका हं. तिकडे कॅनडाच्या पार उत्तरेला, नुनावुतमधल्या आमच्या बेटावर लोकांनी स्वतःचा पहिला सिनेमा काढला, तो माझ्या या एका डोळ्याने टिपलाय. नुसती आठवण आली तरी माझी सुकलेली चाकं फिरू बघतात!

जन्माने मी जपानचा. तिथलं फारसं आठवत नाही. पांढऱ्या हातमोज्यातल्या एका माणसाने माझ्या काचेवर फुंकर मारली आणि समाधानाने मान हलवली, एवढंच डोळ्यांपुढे आहे. मग पेटी, मोठं विमान, लहान विमान, त्याहून लहान विमान. शेवटी पेटी उघडली आणि माझी घाबरगुंडीच उडाली. जिकडे बघावं तिकडे पांढरं! मला वाटलं, माझाच डोळा गेला. डोळा शाबूत होता. ते आमचं गाव होतं.

मला मागवलं होतं आफियाने. ती शाळेत शिकवायची. अंगाने बारकी, पण हाक अशी मारायची की खाडीपलीकडची कुत्री उठून बसायची. मला चालवायचं काम तिच्या भावाकडे, जुसिपीकडे होतं. जुसिपी मायाळू माणूस, पण पहिल्याच दिवशी त्याने घोळ घातला. बाहेर बर्फात मला फिरवलं आणि पाहुणा गारठला म्हणून थेट आत शेगडीजवळ नेऊन ठेवलं. झालं! माझ्या काचेवर, पोटात, सगळीकडे वाफ धरली. दिवसभर मी ठार आंधळा.

"अरे शहाण्या," त्यांची आत्या उलायुक दारातून ओरडली, "मांस कुठे ठेवतोस? पडवीत ना? मग यालाही पडवीत ठेव की!"

तेव्हापासून माझा मुक्काम दाराबाहेरच्या थंड पडवीत, गोठलेल्या माशांच्या शेजारी. मी आधी रुसलो होतो. मग उलायुकने माझ्या मापाचा कोट शिवून आणला. माप घेताना माझ्या पाठीवर थाप मारून म्हणाली, "ढेरी सुटलीय याला." एवढ्यावर माझा रुसवा गेला.

आता आफियाला सिनेमा कशासाठी काढायचा होता, ते ऐका. उलायुक लहान असताना दक्षिणेकडून काही माणसं मोठा कॅमेरा घेऊन आली होती. त्यांनी उलायुकच्या वडिलांना, कोपाकना, इग्लूत बसवून गोष्ट सांगायला लावली. लहानगी उलायुक त्यांच्या मांडीला टेकून बसली होती. माणसं चित्र घेऊन गेली. पुष्कळ वर्षांनी ती फिल्म गावच्या शाळेत आली, तोवर म्हातारे कोपाक वारले होते आणि आफिया शाळेत जायला लागली होती. पडद्यावर आजोबा दिसले. हात हलतायत, ओठ हलतायत, डोळे चमकतायत. आणि आवाज? आवाज दुसऱ्याच कुणाचा! एक जाड्याभरड्या आवाजाचा माणूस वरून सांगत होता की, ही साधीभोळी माणसं सदा हसतमुख असतात आणि कच्चं मांस खातात. आजोबांचा एकही शब्द ऐकू येत नव्हता.

"आत्या, आजोबा काय बोलतायत गं?" आफियाने घरी येऊन विचारलं होतं.

"ते ना? ते गोष्ट सांगतायत. हावऱ्या शिकाऱ्याची." आणि उलायुकने तिला ती अख्खी सांगितली.

उपासमारीचा हिवाळा सरता सरता एका तरण्या शिकाऱ्याला सील मिळतो. तो अर्धा लपवतो आणि एकटाच खातो. वस्तीतली म्हातारी ते पकडते, सगळ्यांसमोर त्याची अशी काही खरडपट्टी काढते की तो मान खाली घालून बर्फावर निघून जातो, आणि शहाणा होऊन परततो. म्हातारीचं ते बोलणं हाच गोष्टीचा जीव. कोपाक ते ज्या शब्दांत सांगायचे, ते शब्द गावात आता एकट्या उलायुकला येत होते. आफियाला तेच हवे होते. आजोबांचे नुसतेच हलणारे ओठ तिला सुखाने झोपू देत नव्हते.

म्हणून म्हातारीचं काम उलायुकला मिळालं. शिकारी झाला शेजारचा बावीस वर्षांचा पोरगा. त्याचंही नाव कोपाक. म्हातारे कोपाक वारले त्याच हिवाळ्यात हा जन्मला, म्हणून त्याला त्यांचं नाव दिलं होतं. आणि आमच्याकडे ज्याचं नाव, त्याचं नातं! तो पाळण्यात होता तेव्हापासून उलायुक त्याला बाबा म्हणायची, अहोजाहो करायची. तोही तिला पोरी म्हणायचा. आफिया आणि जुसिपीचा तो आजोबा. गावात यात कुणाला काही वेगळं वाटत नसे, मलाही चार दिवसांत सवय झाली.

काय सांगू मित्रांनो, तो हिवाळा! आम्ही खरंखुरं इग्लूंचं गाव उभं केलं. बायकांनी कॅरिबू हरणाच्या कातडीचे जुन्या पद्धतीचे कपडे शिवले. विसरलेले टाके एकमेकींना विचारत, चुकले की खिदळत. जुसिपी माझ्या बॅटऱ्या काखेत घालून फिरायचा, कारण थंडीत त्या पटकन जीव सोडतात. "या बॅटऱ्यांआधी बायकोला एवढं जपलं असतंस तर!" म्हणून उलायुक त्याला चिडवायची. चित्र घेण्याआधी आफिया दर वेळी ओरडायची, "आवाज येतोय?" कानाला यंत्र लावलेला जुसिपी ओरडायचा, "येतोय!" आवाज आल्याशिवाय ती बाई पुढे सरकायचीच नाही. कधी कुणाच्या मनगटावर घड्याळ निघायचं, कधी जुन्या काळातल्या बर्फावर स्नोमोबाइलचा पट्टा उमटलेला असायचा. "आजोबा, च्युइंगम थुंका!" असं आफिया कोपाकला ओरडली की सगळा तांडा हसून लोळायचा.

खरडपट्टीचा प्रसंग तेवढा शेवटी ठेवला होता. तो वसंतातला, उघड्या समुद्राच्या बर्फावरचा. आणि इथेच आमचं घोडं अडलं.

उजेड असा लख्ख, की माझ्या डोळ्यावर काळी काच चढवावी लागली. तंबू लागले, कुत्री स्लेजला, म्हणजे बर्फावरच्या घसरगाडीला जुंपली, कोपाक सीलच्या तुकड्याजवळ उकिडवा बसला. उलायुकने चष्मा काढून आफियाकडे दिला. आवाज येतोय? येतोय! उलायुक तरातरा पुढे आली, बोट उगारलं, छाती भरून घेतली आणि म्हणाली, "बाबा, असं का हो केलंत?"

"चुकलं गं पोरी," कोपाक सवयीने बोलून गेला.

हसून हसून जुसिपीने मला जवळजवळ पाडलंच. पुन्हा सुरुवात केली. पुन्हा बोट वर गेलं, आणि या वेळी शब्दच फुटेना. ती नुसती त्याच्याकडे बघत राहिली.

"आत्या, काय झालं? शब्द आठवत नाहीत?"

"आठवतात की! सगळे आठवतात." उलायुक बर्फावर बसली. "पण अगं, वडलांना कुणी असं बोलतं का?"

आफियाने कपाळावर हात मारला. अख्खा हिवाळा गेला, पण हे एकाच्याही ध्यानात आलं नव्हतं! बाहेरचा माणूस असता तर त्याला आधी हेच खटकलं असतं. आम्हाला सगळ्यांना ते नातं इतकं अंगवळणी पडलेलं, की ते आडवं येईल असं वाटलंच नाही. आणि आता माणूस बदलायचाही उपाय नव्हता. हिवाळाभराच्या सगळ्या चित्रांत हीच म्हातारी होती आणि हाच शिकारी.

मग सुरू झाल्या युक्त्या. आफिया म्हणाली, "आत्या, आजोबांकडे बघू नकोस. कुत्र्यांकडे बघून बोल." उलायुक बोलली. कुत्री शेपट्या पायांत घालून तंबूमागे जाऊन लपली, चित्रात नुसता त्यांचा रिकामा पट्टा राहिला. मग जुसिपीला समोर उभं केलं. "आत्या, मला बोल, मी काही तुझा बाप नाही." त्याला तर ती दणदणीत बोलली! फक्त गोष्टीतलं सोडून बाकी सगळं. "माझी किटली नेलीस ती कुठेय? मागच्या शिकारीला नेलीस ना? की ती पण खाल्लीस?" जुसिपी एवढासा झाला. चित्र उत्तम आलं होतं, पण किटलीचं करायचं काय?

हसण्याचा भर ओसरला तसा आफियाचा चेहरा उतरत गेला. त्याला कारण होतं. जुसिपी भाल्याने बर्फ ठोकत फिरून आला होता. आमच्या आणि किनाऱ्याच्या मधली बर्फातली चीर रुंदावत होती, बर्फाचा रंग काळपट पडू लागला होता.

"ताई, आज निघायला हवं," तो हळूच म्हणाला. "उद्या इथे पाणी असेल."

"प्रसंग झाल्याशिवाय मी हलायची नाही."

"पुढच्या वर्षी करू."

"पुढच्या वर्षी आत्या असेल? तिचे शब्द असतील?" आफियाचा तो मोठा आवाज फाटला. "आपल्याच सिनेमातही आजोबा मुकेच राहायचे का रे?"

मला ते बघवेना. मी यंत्र, मला काय कळतंय, असं कुणी म्हणेल. म्हणू देत! मी बघणारा होतो, आणि ज्याच्यासाठी मला इतक्या लांबून आणलं होतं तेच घडत नव्हतं. उलायुकने ते बोलणं ऐकलं. ती खाली मान घालून हातमोज्यावरचे बर्फाचे कण झाडत राहिली. तिला कळत नव्हतं असं नाही. जीभ वळत नव्हती.

तेवढ्यात कोपाक उठला. हा पोरगा म्हणजे एक नंबरचा थट्टेखोर. तो धड दोन वाक्यं गंभीरपणे बोलल्याचं मी तरी पाहिलं नव्हतं. तो उलायुकसमोर जाऊन बसला.

"पोरी, इकडे बघ."

तिने वर पाहिलं.

"ती दक्षिणेची माणसं आली, मी गोष्ट सांगितली, तेव्हा तू माझ्या मांडीला टेकून बसली होतीस ना?"

"हो बाबा."

"माझा आवाज कुणी ऐकला?"

"कुणीच नाही."

"मग? मी किती वर्षं नुसतं तोंड हलवत बसू?"

उलायुकचे डोळे भरले.

"मी सांगतोय ना तुला," कोपाक म्हणाला. "बाप सांगतोय. मला बोल. चांगलं कडकडून बोल. तू मला रागावलीस ना, तरच माझं म्हणणं लोकांच्या कानावर जाईल."

उलायुक गुडघ्यावर हात टेकून उठली, नाक पुसलं आणि म्हणाली, "बाबांनी सांगितलंय, मग काय! आफिया, लाव तुझं ते."

"आवाज येतोय?"

"येतोय!"

आणि मित्रांनो, जे काही झालं म्हणता! ती अशी चालून आली की मला वाटलं आता मलाही फटका बसणार.

"एकटाच? एकटाच खातोस? हात तुझे असतील, भाला तुझा असेल, पण तो सील तुझा कधी झाला रे? समुद्राने तो आपल्या सगळ्यांना दिला, तू नुसता हमाल! इथे एवढी पोटं बसलीयत आणि ढेकर एकट्याचा? ती बघ, ती पोरं भुकेने कातड्याच्या दोऱ्या चघळतायत! जा. ऊठ! तो तुकडाही ने. बर्फावर बस आणि खा पोटभर. वाटायला कुणी नसलं की मांस गोड लागतं का, तेवढं बघ, आणि मग आम्हाला येऊन सांग!"

शेवटच्या शब्दाला तिचा आवाज कापला, पण बोट खाली आलं नाही. कोपाकचे ओठ थरथरत होते, आणि ते काही सोंग नव्हतं. तो तुकडा तिथेच ठेवून उठला, स्लेजवर बसला, कुत्र्यांना हाळी दिली आणि लांब, त्या झगझगीत बर्फावर दिसेनासा होईपर्यंत गेला. मी एक क्षणही डोळा मिटला नाही. जुसिपी डोळा लावतो ती माझी मागची काच धूसर झाली होती, पण ती थंडीने नाही. जुसिपी रडत होता.

स्लेज वळून परत आली तशी उलायुक धावतच पुढे गेली. "बाबा, फार लागलं का हो बोलणं? हातमोजे घाला आधी, बोटं बघा कशी झालीयत!"

"लागलं तर काय," कोपाक कान चोळत म्हणाला. "आमच्या वेळी मुली असं बोलत नव्हत्या."

मग एकच हशा, एकच मिठ्या! आणि त्या हशातच जुसिपीने चिरेकडे बोट दाखवलं. पळापळ झाली. तंबू पाडले, कुत्री हाकली. स्लेज आडवी टाकून तिचा पूल केला आणि एकेक जण पलीकडे गेलो. मी जुसिपीच्या गळ्यात लोंबकळत होतो. पण माझ्या पोटातली कॅसेट आफियाने आधीच काढून घेतली होती. आमच्या बायकांच्या कोटाला पाठीवर बाळ घालायची झोळी असते, त्या झोळीत ठेवली. पूल ओलांडताना ती मागे हात नेऊन सारखी चाचपत होती. मी पाण्यात पडलो असतो तर कुणी उडी मारली नसती, हे मला पक्कं ठाऊक आहे. कॅसेटसाठी सगळ्यांनी मारली असती. मला त्याचा राग नाही.

सिनेमा पहिल्यांदा लागला तो शाळेच्या खेळांच्या हॉलमध्ये. बाळांपासून म्हाताऱ्यांपर्यंत अख्खं गाव खाली जमिनीवर. पडद्यावर उलायुक कडाडली तशी मागच्या भिंतीशी बसलेला, दात पडलेला एक म्हातारा उभा राहिला आणि मोठ्याने म्हणाला, "हे कोपाकचं बोलणं! अगदी असंच बोलायचा तो!" लोक हसत होते, रडत होते, पायांनी फरशी वाजवत होते. खरी उलायुक तोंडावर टोपी ओढून बसली होती.

"ऐकलंत का बाबा?" तिने टोपीतूनच शेजारी विचारलं.

"ऐकलं गं," कोपाक म्हणाला.

पुढे तो सिनेमा खूप देश फिरला. वरून आमचा निवेदक बोलू दे, असा परदेशातल्या एका टीव्हीवाल्याने फारच आग्रह केला, तेव्हा आफियाने फोनवरच अशी हाक दिली की यंत्राशिवायही ऐकू गेली असती. खाली भाषांतराची अक्षरं चालतील, वरून बोलणारा नको! शेवटी अक्षरंच आली. परदेशच्या बक्षिसाचा फोटो गावात भिंतीवर लागला. मला मात्र कुणी परदेशी नेलं नाही.

मग नवे, सडपातळ कॅमेरे आले. माझ्यासारख्या कॅसेटी मिळेनाशा झाल्या. पडवीत मी होतोच, आता माझ्यावर मासेमारीची जाळी पडली, जुने पट्टे पडले. वाईट वाटलं, खोटं कशाला बोलू? एका थंडीत उलायुक गेली. पडवीतून लोक आत-बाहेर करत होते आणि कुणी मोठ्याने बोलत नव्हतं. माझ्या कोटाचा तुटलेला बंद शिवायला आता कोण येणार, असं माझ्या मनात आलं.

त्याच वर्षी कोपाकला मुलगी झाली. नाव काय ठेवलं, सांगायला हवं का?

आता खरी गंमत ऐका. परवाच्या वसंतात आफियाच्या घरी सगळे जमले होते. जुन्या कॅसेटी नव्या यंत्रावर उतरवून झाल्या होत्या, म्हणून सिनेमा पुन्हा लावला. गर्दीमुळे पडवीचं दार उघडं होतं, जाळ्याच्या भोकातून मला सगळं दिसत होतं. पाच वर्षांची उलायुक पडद्याला नाक लावून उभी. ती दूर सरेना. म्हातारी कडाडत होती आणि ही एकेका शब्दाला ओठ हलवत होती. आवाज नव्हता, नुसते ओठ. मला एकदम त्या जुन्या फिल्ममधले मुके कोपाक आठवले.

कोपऱ्यात कोपाक बसला होता. आता त्याचे केस पिकू लागलेत. ताटलीत शेवटची बॅनक पोळी उरली होती. सगळ्यांचं लक्ष पडद्याकडे आहे असं बघून गड्याने ती हळूच उचलली, चहात बुडवली आणि तोंडाशी नेली.

पोरगी गर्रकन वळली. कमरेवर एक हात, दुसऱ्याचं बोट थेट बापाच्या नाकावर.

"एकटाच? एकटाच खातोस? इथे एवढी पोटं बसलीयत आणि ढेकर एकट्याचा?"

घरात असा काही हलकल्लोळ उडाला की पडवीतले मासेही दचकले असतील! बापाला रागावताना जिची जीभ उचलत नव्हती, तिचीच नाववाली ही, आणि हिला कसली भीडच नाही! कोपाकने पोळीचे तुकडे केले, हसत, रडत, एकेकाच्या हातावर ठेवत गेला. "घे गं पोरी," तो म्हणत होता, "घे, घे, तूही घे."

माझी बॅटरी केव्हाच मेलीय. मी तडफडलो नुसता. पण आफियाने खिशातून फोन काढून केव्हाच रोखला होता, आणि जुन्या सवयीने ओरडली, "आवाज येतोय?"

आता कानाला यंत्र नव्हतं, काही नव्हतं. तरी पोळीने भरलेल्या तोंडाने जुसिपी ओरडला, "येतोय!"

म्हणून सांगतो मित्रांनो. आम्हा जुन्या यंत्रांना पुसा, आमच्या कॅसेटी ओलीपासून जपा, जमलं तर एखादा बंद शिवून द्या. पण त्याआधी आपल्या घरात कोण गोष्ट सांगतंय, ते बघा. तिच्यासमोर बसा, जे हाताशी असेल ते लावा. चित्र हललं तरी चालेल, अंधूक आलं तरी चालेल. आवाज मात्र तिचाच येतोय ना, एवढं विचारल्याशिवाय पुढे सरकू नका.